मीठ बदललं, पण त्यात धातू कोणता आला?

"डॉक्टर, साधं मीठ बंद केलंय. घरात आता फक्त सैंधव." बीपीच्या पेशंटकडून हे वाक्य नेहमी ऐकायला मिळतं. अलीकडे त्याला एक जोडीदार आलाय: "लो सोडियमवालं मीठ आणलं, जरा महाग आहे, पण बीपीला चांगलं म्हणतात." दोन्ही वाक्यांमागची काळजी खरी असते. पण पहिल्या बदलाचा बीपीला जवळजवळ काहीच उपयोग नाही, आणि दुसरा काही जणांच्या जिवावर बेतू शकतो. म्हणून माझं म्हणणं असं, की मिठाचं नाव, रंग आणि किंमत बाजूला ठेवा आणि आधी एकच विचारा: यात धातू कोणता आहे?

मिठात धातू? हो. मीठ म्हणजे सोडियम क्लोराईड, आणि सोडियम हा धातू आहे. शुद्ध रूपात तो चाकूने कापता येईल इतका मऊ असतो, रॉकेलमध्ये बुडवून ठेवावा लागतो आणि पाण्यात पडला की भडकतो. त्याचा भाऊ पोटॅशियम त्याहून तापट. क्लोरीनशी जोडी जमली की मात्र दोघंही निमूट होतात, पांढरे आणि खारट. दिसायला इतके सारखे की हे दोन वेगळे पदार्थ आहेत हे कळायलाच माणसाला फार वेळ लागला.

राखेतून क्षार काढणं आपल्याकडे जुनंच. सुश्रुतसंहितेत वनस्पती जाळून, राख पाण्यात कालवून, गाळून आणि आटवून क्षार करायची रीत दिली आहे. मूळव्याधीवर तो वापरत. 'अल्कली' हा शब्दही राखेच्याच अरबी नावावरून आला, आणि शाळेच्या पुस्तकातले 'अल्क धातू' त्यावरून. युरोपात लाकडाची राख भांड्यात उकळून मिळणाऱ्या क्षाराला 'पॉटॅश' म्हणत, म्हणजे भांड्यातली राख. अठराव्या शतकात मार्गग्राफ या जर्मन रसायनतज्ज्ञाने दोन क्षार ज्योतीत धरून दाखवले: एकाने ज्योत पिवळी होते, दुसऱ्याने जांभळट. १८०७ साली लंडनमध्ये हम्फ्री डेव्हीने किंचित ओलसर पॉटॅशमधून वीज सोडली आणि पाऱ्यासारखे चमकदार थेंब बाहेर पडले. काही थेंब तिथेच पेटले. डेव्ही आनंदाने खोलीभर नाचला, असं त्याच्या मदतनीस चुलतभावाने सांगितलं आहे. हा पोटॅशियम. काही दिवसांतच सोडियम, आणि पुढच्याच वर्षी कॅल्शियम, मॅग्नेशियम, स्ट्रॉन्शियम आणि बेरियम. एका माणसाने दोन वर्षांत सहा धातू वेगळे केले, आणि त्यातले चार आज तुमच्या रक्ताच्या रिपोर्टमध्ये दिसतात.

आता सैंधवाकडे येऊ. शेंदेलोण म्हणा, गुलाबी मीठ म्हणा, ते खाणीतलं सोडियम क्लोराईडच आहे, शंभरातले सत्त्याण्णव-अठ्ठ्याण्णव भाग. गुलाबी रंग लोहाच्या अंशाचा. बाकीच्या खनिजांचं प्रमाण इतकं कमी, की ती पुरेशी मिळेपर्यंत तुम्ही मीठ खाऊन आजारी पडाल. पादेलोणाचंही तेच. पापडखार आणि खायचा सोडा यांना आपण मीठ म्हणत नाही, पण धातू तोच, सोडियम. ॲसिडिटी झाली की घेतो त्या फसफसणाऱ्या पावडरीतही तो असतो. उपवासाला सैंधव जरूर खा, चव आवडते म्हणूनही खा. पण बीपीचं औषध म्हणून खाऊ नका. शिवाय त्यात सहसा आयोडीन घातलेलं नसतं, म्हणजे घरात गरोदर बाई असेल तर उलट तोटाच.

लो सोडियम मिठाची गोष्ट वेगळी. त्यात सोडियम क्लोराईडचा काही भाग काढून त्याजागी पोटॅशियम क्लोराईड घातलेलं असतं. ही कल्पना वाईट नाही, उलट चांगली आहे. चीनमधल्या ६०० खेड्यांत सुमारे २१ हजार लोकांवर मोठा अभ्यास झाला, २०२१ मध्ये तो प्रसिद्ध झाला. लोक आधी पक्षाघात झालेले, किंवा साठीच्या पुढचे आणि बीपी असलेले. निम्म्या खेड्यांना एक चतुर्थांश पोटॅशियमवालं मीठ दिलं. तिथे पक्षाघाताचं प्रमाण १४ टक्क्यांनी कमी झालं. नुसतं मीठ बदलून एवढा फायदा होत असेल तर मी त्याच्या बाजूनेच बोलणार. पण याच अभ्यासात किडनीचा गंभीर आजार असलेल्यांना घेतलेलं नव्हतं, हे जाहिरात वाचून लक्षात येत नाही.

किडनीचा संबंध काय? शरीरातला बहुतेक पोटॅशियम पेशींच्या आत असतो. रक्तात तो अगदी मोजका लागतो, साधारण ३.५ ते ५. सोडियम तिथे १३५ ते १४५. जास्तीचा पोटॅशियम मुख्यतः किडनीच लघवीवाटे बाहेर टाकते. ती थकली की तो साठतो. साडेसहाच्या पुढे गेला तर हृदयाचे ठोके बिघडू शकतात, कधी हृदय थांबतंही. वाईट गोष्ट अशी, की आधी काही जाणवेलच असं नाही. थोडा अशक्तपणा, पाय जड वाटणं, एवढंच. घरचे म्हणतात, वय झालं.

हृदय या धातूंना किती जपून मोजतं, हे कळलं तेही एका घोटाळ्यातून. १८८० च्या दशकात लंडनमधले डॉक्टर सिडनी रिंगर बेडकाचं हृदय मिठाच्या पाण्यात ठेवून पाहत होते आणि ते छान चालत होतं. मग लक्षात आलं, की सहायकाने डिस्टिल्ड पाण्याऐवजी नळाचं पाणी वापरलं होतं. डिस्टिल्ड पाणी घेतल्यावर हृदय मंद होऊन थांबलं. फरक होता नळाच्या पाण्यातल्या कॅल्शियमचा. दवाखान्यात 'आरएल'ची बाटली लावतात, त्यातला 'आर' म्हणजे हेच रिंगर. तिच्यात सोडियम, पोटॅशियम आणि कॅल्शियम तिन्ही मोजून घातलेले असतात. आणि रक्तात पोटॅशियम फार वाढलेला पेशंट आला, की आजही आम्ही आधी शिरेतून कॅल्शियम देतो. त्याने पोटॅशियम उतरत नाही, हृदयाला थोडा वेळ संरक्षण मिळतं, तेवढ्यात पुढचे उपाय करायचे.

हिशेब करून पाहा. एक चतुर्थांश पोटॅशियम क्लोराईड असलेलं मीठ दिवसाला ५ ग्रॅम, म्हणजे चहाचा एक चमचा, पोटात गेलं तर त्यातून सुमारे ६५० मिलिग्रॅम पोटॅशियम जातो. किडनी ठीक असेल तर काही बिघडत नाही. पण ज्याला डाळ-भाजीसुद्धा मोजून खायला सांगितली आहे, शहाळं बंद केलं आहे, त्याच्या आमटीत हे मीठ रोज पडत असेल तर?

मिठाला पर्याय म्हणून दुसरा धातू आणायचा आणि मग पस्तावायचं, हे आधी घडलेलं आहे. १९४० च्या दशकात अमेरिकेत हृदयरुग्णांना जेवणात लिथियम क्लोराईड मीठ म्हणून देत. लिथियमही याच घराण्यातला, १८१७ साली सापडलेला. माणसं आजारी पडली, काही दगावली, आणि १९४९ मध्ये ते बाजारातून काढावं लागलं. त्याच वर्षी ऑस्ट्रेलियात जॉन केड यांनी उन्मादाच्या रुग्णांवर लिथियमचा उपयोग होतो हे प्रसिद्ध केलं, आणि आजही रक्त तपासत तपासत आम्ही ते देतो. तोच धातू, तेच वर्ष. मीठदाणीतून गेला तेव्हा तो किती जातोय हे कोणी मोजत नव्हतं.

तेव्हा लो सोडियम मीठ आणण्याआधी घरात कोण काय घेतं ते बघा. किडनीचा त्रास असेल, मधुमेह जुना असेल, किंवा गोळ्यांच्या पट्टीवर टेल्मिसार्टन, लोसार्टन, रॅमिप्रिल, एनालाप्रिल, स्पायरोनोलॅक्टोन यांपैकी नाव असेल, तर आधी क्रिएटिनिन आणि पोटॅशियमची तपासणी करून डॉक्टरांना विचारा. या गोळ्या पोटॅशियम वाढवू शकतात. गोळी मात्र स्वतःच्या मनाने बंद करू नका, बदलायचं असेल तर मीठ बदला. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०२५ मध्ये अशा मिठाची शिफारस करताना किडनीचे रुग्ण, गरोदर स्त्रिया आणि मुलं यांना वगळलं आहे. आपल्याकडे मात्र स्वयंपाक एकाच पातेल्यात होतो आणि जेवायला आजोबाही बसतात, नातूही.

ही सूचना पाकिटावर असावी, समोरच्या बाजूला, मोठ्या अक्षरांत आणि मराठीत. मागे बारीक इंग्रजीत छापून ती आजीपर्यंत कशी पोहोचणार? ते होईपर्यंत एक करा. पुढच्या तपासणीला येताना गोळ्यांच्या पट्ट्यांबरोबर मिठाचं पाकीटही पिशवीत टाका. दोन मिनिटांत आपण मिळून वाचू.