गावे उठवून जिंकलेले युद्ध

ऑक्टोबर २०२५ मध्ये माओवादी पक्षाच्या पॉलिट ब्युरोचा सदस्य मल्लोजुला वेणुगोपाल राव ऊर्फ भूपती याने साठेक सहकाऱ्यांसह गडचिरोलीत महाराष्ट्राच्या मुख्यमंत्र्यांसमोर शस्त्रे ठेवली. तत्पूर्वी मे महिन्यात त्या पक्षाचा सरचिटणीस बसवराजू छत्तीसगडच्या जंगलात मारला गेला होता. १९८० च्या सुमारास गोदावरी ओलांडून दंडकारण्यात शिरलेल्या या बंडाची शक्ती क्षीण झाली, याविषयी फारसा मतभेद उरलेला नाही. अशा वेळी, बंड मोडले हे खरे, पण ते कोणाच्या खर्चाने मोडले, असा प्रश्न विचारणे पुष्कळांना औचित्याला सोडून वाटेल. विजयाच्या दिवशी जमाखर्चाची वही काढून बसणारा मनुष्य कोणालाच प्रिय नसतो. तथापि ही वही त्या दिवशी उघडली नाही, तर पुढे ती कोणी उघडत नाही, असा अनुभव आहे.

बंडविरोधी युद्धाची चर्चा आपल्याकडे दोन वेगळ्या दालनांत चालते. एकात नीतीची भाषा बोलणारे बसतात, दुसऱ्यात रणनीतीची. पहिल्यांच्या मते दुसरे निर्दय, दुसऱ्यांच्या मते पहिले भाबडे. या दोघांनाही एका जागी आणून बसवणारा प्रश्न वस्तुतः साध्या अर्थशास्त्राचा आहे. बंडखोराला जनतेपासून वेगळे करावयाचे, हे सर्वांनाच मान्य असते. त्याची किंमत कोणी मोजावयाची, राज्यसंस्थेने की खेडुताने? ती खेडुताच्या माथी मारली, तर नीती तत्काळ जाते आणि काही काळाने रणनीतीही लंगडी पडते. याचा आपल्याच देशातील सर्वांत मोठा, आणि शालेय पुस्तकांत जवळजवळ न सापडणारा, दाखला मिझोरामचा आहे.

मिझो टेकड्या त्या काळी आसामचा एक जिल्हा होत्या. तेथे साधारणतः अर्ध्या शतकाने एकदा बांबूला फुलोरा येतो, त्याच्या बियांवर उंदरांची बेसुमार पैदास होते आणि बी संपले की हे उंदीर भाताच्या पिकावर पडतात. मिझो लोक या आपत्तीला ‘माउताम’ म्हणतात. वडीलधाऱ्यांच्या आठवणींवरून ती कधी येणार, हे ठाऊक असल्यामुळे १९५८ मध्येच तेथील स्वायत्त जिल्हा मंडळाने आसाम सरकारकडे १५ लाख रुपयांची मागणी केली. आदिवासींची अंधश्रद्धा म्हणून ती बाजूला सारण्यात आली. १९५९ मध्ये बांबू फुलला आणि दुष्काळ आला. दुष्काळात लोकांना धान्य पोहोचवण्यासाठी लालडेंगा यांनी उभारलेली संघटनाच १९६१ मध्ये मिझो नॅशनल फ्रंट हा राजकीय पक्ष झाली. २८ फेब्रुवारी १९६६ च्या रात्रीपासून तिच्या सैनिकांनी सरकारी ठाण्यांवर हल्ले सुरू केले व १ मार्चला स्वातंत्र्याची घोषणा झाली. ५ मार्चला हवाई दलाच्या विमानांनी ऐझॉलवर मारा केला. स्वतंत्र भारतात आपल्याच नागरी वस्तीवर असा मारा झाल्याचे हे एकमेव उदाहरण मानले जाते. १५ लाख रुपये वाचवण्याचा याहून महाग प्रकार शोधूनही सापडणार नाही.

प्रमुख ठाणी लष्कराने मार्च अखेरीपर्यंत परत घेतली. खरी अडचण त्यानंतरची होती. दाट जंगलात विखुरलेली लहान लहान गावे, एकच धड रस्ता, त्या रस्त्यावर दबा धरून होणारे हल्ले, आणि रात्री गावात येऊन भात घेऊन जाणारे बंडखोर. सैनिकाला दिवसा दिसे ते फक्त गाव. जनता हे पाणी आणि गनीम हा त्यातला मासा, ही माओची उपमा तोवर जगभरच्या लष्करी विद्यालयांत पाठ झालेली होती. आणि पाणीच उपसून टाकण्याचा एक तयार नुस्खाही उपलब्ध होता. तो मलायातून आला.

मलायात ब्रिटिशांनी १९५० पासून जनरल ब्रिग्ज यांच्या योजनेनुसार सुमारे पाच लाख लोकांना, मुख्यतः चिनी वंशाच्या कष्टकऱ्यांना, जंगलाच्या कडेवरून उठवून काटेरी कुंपणाच्या साडेचारशेच्या आसपास नव्या गावांत वसवले. बंडखोरांची रसद तुटली आणि बंड आटोक्यात आले, एवढाच भाग पुढे शिकवला गेला. यातील पुष्कळांच्या नावावर मुळात जमीन नव्हती. नव्या गावात ती निदान काहींना प्रथमच मिळाली. अनेकांची मजुरी रबराच्या मळ्यांत व कथलाच्या खाणींत होती, आणि कोरियन युद्धामुळे त्याच सुमारास या दोन्ही मालांचे भाव कडाडले होते. शिवाय ब्रिटिशांनी देश सोडण्याचे वचन दिले व १९५७ मध्ये ते पाळले. म्हणजे नुस्ख्यातील कुंपण सर्वांनी उचलले आणि जमीन, मजुरी व स्वातंत्र्य ही तीन औषधे वगळली. दक्षिण व्हिएतनाममध्ये १९६२ साली पिढीजात भातशेतीवरून शेतकऱ्यांना उठवून तोच प्रयोग झाला. दोन वर्षांच्या आतच तो कोसळला.

तरीही जानेवारी १९६७ मध्ये मिझो टेकड्यांत गावे एकत्र करण्यास प्रारंभ झाला. सैन्याच्या पूर्व विभागाचे प्रमुख त्या वेळी माणेकशॉ होते, आणि केंद्रीय गृहमंत्रिपदावर यशवंतराव चव्हाण येऊन दोन महिनेही झाले नव्हते. प्रथम सिलचर–ऐझॉल–लुंगलेई या रस्त्यालगत, आणि पुढे टप्प्याटप्प्याने जिल्हाभर. ७६४ गावांपैकी ५१६ गावे उठवून त्यांतील माणसे ११० केंद्रांत आणण्यात आली. जिल्ह्याच्या लोकसंख्येपैकी सुमारे ऐंशी टक्के लोक अशा केंद्रांत राहू लागले. या केंद्रांना ‘संरक्षित व प्रगतिशील ग्रामे’ असे नाव होते. त्यातील दुसऱ्या विशेषणावर दिल्लीतील फायलींखेरीज कोणी विश्वास ठेवला असेल, असे वाटत नाही.

झूम शेतीचे गणित ज्याला ठाऊक आहे, त्याला पुढचे सांगण्याची गरज नाही. डोंगराचा एक उतार तोडून जाळावयाचा, एक-दोन वर्षे पीक घ्यावयाचे, मग तो अनेक वर्षे पडीक ठेवून दुसऱ्या उताराकडे वळावयाचे, अशी ही शेती. तिला भांडवल लागत नाही, पण विस्तार लागतो. मिझो गावे विखुरलेली होती ती या कारणाने. पाच-सहा गावांची माणसे एका कुंपणात आणली की जवळचे उतार लवकर निकस होतात. दूरच्या उतारापर्यंत चालण्यातच सकाळ सरते, आणि संचारबंदीपूर्वी परतावयाचे म्हणजे कामाला जेमतेम काही तास उरतात. पीक तयार होताना शेतातल्या खोपीत रात्रीची राखण करण्याची रीत बंद पडली, आणि रानडुकरांना संचारबंदी लागू नव्हती. स्वतःच्या कोठारातले भात खाणारा शेतकरी अशा रीतीने सरकारी शिध्याच्या रांगेत येऊन उभा राहिला. या तुटीची नोंद युद्धखर्चाच्या कोणत्याही रकान्यात नाही. ती शेतकऱ्याच्या पोटावर लिहिली गेली.

सनदी अधिकारी विजेंद्रसिंह जफा यांनी पुढे लिहिलेल्या एका लेखात दार्झो या गावाची हकिकत आहे, आणि ती सांगणारा मनुष्य ते गाव रिकामे करणारा लष्करी अधिकारीच आहे. गाव सुखवस्तू होते. भाताची कोठारे भरलेली, कोंबड्या-डुकरे भरपूर. न्यावयास जमेल तेवढे न्यावे, उरलेले धान्य जाळावे आणि संध्याकाळी गावकऱ्यांनीच आपली घरे पेटवावीत, असा हुकूम होता. कोणीही पुढे आले नाही. अखेर त्या अधिकाऱ्याने स्वतः पलिता पेटवून पहिले घर जाळले. नंतर गावच्या प्रमुखांकडून, बंदुकीच्या धाकाने, कागदावर सह्या घेण्यात आल्या: बंडखोरांच्या जाचाला कंटाळून आम्ही आपखुषीने गाव सोडले व घरे स्वतःच जाळली. हा अधिकारी क्रूर नव्हता, हे त्याच्या कथनावरूनच दिसते. परंतु त्या कागदाचा अर्थ विचार करण्याजोगा आहे. खेडुताकडून ही किंमत त्याच्या संमतीवाचून घेता येत नाही, हे राज्यसंस्थेला पुरते कळत होते. म्हणूनच तर संमती लिहून घ्यावी लागली.

गनिमी काव्याचा अभिमान बाळगणाऱ्या महाराष्ट्रात या संदर्भात एका जुन्या पत्राची आठवण व्हावी. चिपळूणजवळच्या छावणीतील अंमलदारांना शिवाजी महाराजांनी पाठवलेले ते पत्र दयाधर्माचे प्रवचन म्हणून नेहमी उद्धृत केले जाते. प्रत्यक्षात ते हिशेबाचे पत्र आहे. दाणावैरण आत्ताच उधळली तर पावसाळ्यात घोडी उपाशी मरतील, मग शिपाई कुणब्याच्या घरून धान्य, भाजी, लाकूड ओरबाडू लागतील, रयत परागंदा होईल आणि मोगलांपेक्षा हेच वाईट असे म्हणेल. म्हणून लागेल ते बाजारात पैसे मोजून घ्यावे, अशी त्यातील कारणमीमांसा आहे. फौजेचा खर्च रयतेवर ढकलला तर राज्य जाते, ही गोष्ट गनिमाच्या बाजूने युद्ध केलेल्या माणसाला अचूक उमगलेली होती.

गावे एकत्र केल्यामुळे बंडखोरांचे धान्य तुटले आणि रस्त्यावरची वाहतूक अधिक सुरक्षित झाली, हे मान्य केलेच पाहिजे. पण बंड मोडले काय? गावे उठवण्यास प्रारंभ झाल्यानंतर तब्बल एकोणीस वर्षे ते चालले. त्याला सर्वांत मोठा तडाखा बसला तो डिसेंबर १९७१ मध्ये, पूर्व पाकिस्तानातील त्याचे तळ बांगलादेशच्या जन्माबरोबर नष्ट झाले तेव्हा. आणि ते संपले ३० जून १९८६ रोजी, एका करारावरील स्वाक्षऱ्यांनी. केंद्राच्या वतीने ज्यांनी स्वाक्षरी केली, ते गृहसचिव राम प्रधान महाराष्ट्राच्या सेवेतील अधिकारी. चव्हाण संरक्षणमंत्री असताना ते त्यांचे खासगी सचिव होते. सेवानिवृत्तीच्या दिवशीच त्यांनी हा करार पुरा केला. लालडेंगा मुख्यमंत्री झाले, १९८७ मध्ये मिझोराम राज्य झाले आणि मिझो नॅशनल फ्रंटने पुन्हा शस्त्रे उचलली नाहीत. करारात जे दिले, ते १९६७ मध्ये देता आले असते काय, याचे उत्तर कोणी छातीठोकपणे देणार नाही. मात्र मधल्या काळात जळालेल्या गावांनी तो दिवस जवळ आणला, असे दाखवणेही कठीण आहे.

हा धडा पचला असता तर जून २००५ मध्ये बस्तरात ‘सलवा जुडूम’ सुरू झाले नसते. तेथेही गावे रिकामी करून माणसे रस्त्यालगतच्या शिबिरांत आणली गेली. जे आले नाहीत, ते नक्षलवाद्यांचे साथीदार ठरले. माओवाद्यांनी शिबिरांवर हल्ले करून आदिवासींनाच ठार मारले, हेही तितकेच खरे. राज्याने या वेळी आणखी एक खर्च खेडुतावर टाकला, तो लढण्याचा. आदिवासी तरुणांना विशेष पोलीस अधिकारी म्हणून बंदुका देण्यात आल्या. पाचवी उत्तीर्ण असल्यास प्राधान्य, मानधन दरमहा ३,००० रुपये. ५ जुलै २०११ रोजी न्या. सुदर्शन रेड्डी व न्या. निज्जर यांनी ही व्यवस्था घटनाबाह्य ठरवली. गडचिरोलीत १९९० मध्ये उभारलेल्या सी-६० दलातही स्थानिक तरुणच घेतले गेले. पण पोलीस सेवेत, वेतन व निवृत्तिवेतनाच्या हक्कासह. या दलाविरुद्धही गंभीर तक्रारी झाल्या आहेत. तरीही जवानाची किंमत सरकारी तिजोरीतून देणे आणि ती त्याच्या गरिबीतून वसूल करणे, यांतील अंतर लहान नाही. सरहद्दीच्या अलीकडे गावे उठवण्याचा प्रयोग झाला नाही, आणि मेंढा-लेखासारख्या गावाला २००९ मध्ये जंगलावरील सामूहिक हक्क व २०११ मध्ये आपला बांबू स्वतः विकण्याचा परवाना मिळाला, ही गोष्टही याच हिशेबात मांडावी लागेल.

बस्तरातून उठलेल्यांपैकी हजारो कुटुंबे गोदावरीच्या पलीकडे, आजच्या तेलंगण व आंध्र प्रदेशात गेली आणि तेथील राखीव जंगलात झोपड्या बांधून मिरचीच्या तोडणीवर जगू लागली. वनहक्क कायद्याखाली जमिनीचा दावा करावयाचा, तर ती १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून आपल्या ताब्यात असल्याचे दाखवावे लागते. बस्तरातील घर आणि शेत त्याच वर्षीच्या जूनपासून सुटत गेले, आणि नव्या जागेवरचा ताबा तर त्या तारखेनंतरचा. म्हणजे जुन्या जमिनीचा दावा संशयात आणि नव्या जमिनीचा अशक्य. वनखाते त्यांना अतिक्रमक म्हणते. या कुटुंबांना परत नेऊन त्यांची जमीन त्यांच्या नावे करून द्यावयाची, की जेथे आहेत तेथे पर्यायी जमीन द्यावयाची, याचा निर्णय छत्तीसगड, तेलंगण, आंध्र आणि केंद्र या चारही सरकारांना मिळून करता येण्याजोगा आहे. आता जंगलात गोळीबाराचा आवाज कमी झालेला असताना तो लांबणीवर टाकण्यास युद्धाचे कारणही पुढे करता येणार नाही.