चरित्रकाराची भाकरी कुणाच्या घरची?

बीड जिल्ह्यात पुढाऱ्याचा वाढदिवस आला की पुरवण्या निघतात, एकसष्टीला गौरवग्रंथ निघतो. लेख मागवून घेतात, छपाईचा खर्च हितचिंतक उचलतात. मात्र अभ्यासकाच्या हाती लागेल असं त्यात फार थोडं उरतं. या जिल्ह्याला खरी चरित्रं हवी असतील तर चरित्रकाराच्या पोटाची सोय चरित्रनायकाच्या घराबाहेर झाली पाहिजे. याचा मोठा दाखला म्हणजे धनंजय कीर. रत्नागिरीत १९१३ साली जन्मलेला, मॅट्रिकपर्यंत शिकलेला हा माणूस मुंबई महापालिकेत नोकरी करत लिहीत राहिला. १९५० साली सावरकर, १९५४ साली खुद्द बाबासाहेब हयात असताना आंबेडकर, १९५९ साली टिळक, १९६४ साली फुले, पुढे गांधी आणि १९७६ साली राजर्षी शाहू. ही नावं एका ओळीत ठेवून पाहावीत. टिळक आणि शाहू महाराज वेदोक्त प्रकरणात समोरासमोर उभे होते, गांधी आणि आंबेडकर पुणे करारात. या सगळ्यांना एकाच लेखणीने न्याय द्यायचा, तर ती लेखणी कुणाच्याच दारात बांधलेली चालत नाही.

यावर कुणी म्हणेल, जवळ बसल्याशिवाय माणूस कळत नाही. यात तथ्य आहे. राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून जिंजीला लिहिलेली सभासदाची बखर आजही शिवचरित्राचं महत्त्वाचं साधन मानली जाते. शाहू महाराजांच्या निधनानंतर दोनच वर्षांत, १९२४ साली, अण्णासाहेब लठ्ठ्यांनी त्यांचं चरित्र लिहिलं, तेही जवळून पाहिलेल्या माणसाचंच. पण जवळच्या माणसाने लिहिलेलं हे चरित्राचं साधन असतं. ते इतर कागदांशी ताडून पाहायला दुसरा, दूरचा माणूस लागतो. कीर चरित्रनायकांविषयी भक्तिभावाने लिहीत, हा आक्षेपही खोटा नाही; मात्र परस्परविरोधी माणसांचा आदर करणाऱ्याला प्रत्येकाची दुसरी बाजू वाचावीच लागते.

बीडला हे काम अधिक अवघड आहे. १९४८ पर्यंत जिल्हा निजामाच्या राज्यात होता, त्यामुळे जुनं दप्तर वाचायला मोडीइतकीच उर्दूही यावी लागते. असा माणूस तयार व्हायचा तर विद्यापीठाने, जिल्हा परिषदेने त्याला दोन-तीन वर्षांचं वेतन द्यावं आणि हस्तलिखितावर कुणाचीही मंजुरी लादू नये. विषयांची वाण नाही. साताऱ्याच्या प्रतिसरकारचे क्रांतिसिंह नाना पाटील १९६७ साली कम्युनिस्ट पक्षातर्फे बीडमधून लोकसभेवर निवडून गेले. परक्या मुलखातल्या या माणसावर इथल्या शेतकऱ्याने विश्वास का टाकला, हे गावोगाव जाऊन विचारायला हवं. तेव्हा मतदानाचं वय एकवीस होतं. त्यांना मत देणारा सर्वांत तरुण माणूसही आज ऐंशीला टेकला आहे.