पहिला चेंडू कोण खेळलं?

गणेशोत्सवातल्या आपल्या प्रश्नमंजूषेत मी मुद्दाम एक प्रश्न टाकला होता : कसोटी क्रिकेटमध्ये भारताकडून पहिला चेंडू कोण खेळलं? तिन्ही गट एका सुरात ओरडले, "सी. के. नायडू!" इंदूरच्या पोरांकडून दुसरं काय येणार म्हणा! होळकरांच्या या गावात सी. के. म्हणजे घरचाच माणूस. पण उत्तर चुकलं. (कॉलेजात असताना मीही हेच ठोकून दिलं होतं, तेव्हा वाईट वाटून घेऊ नका.)

बरोबर उत्तर जनार्दन नवले. जन्म 1902, फुलगावचा. सोळाव्या वर्षीच ते हिंदू संघातून मोठे सामने खेळू लागले. यष्टिरक्षक, आणि सलामीचे फलंदाजही.

25 जून 1932, शनिवार, लॉर्ड्सचं मैदान. भारताची पहिलीवहिली कसोटी. इंग्लंडची फलंदाजी. निसारनी सटक्लिफ आणि होम्सचे त्रिफळे उडवले, वूली धावबाद झाला, 3 बाद 19! ही गोष्ट क्रिकेटवेड्या घरांत सगळ्यांना पाठ असते. पण त्यानंतर डाव 259 पर्यंत लांबला. शंभराहून जास्त षटकं. तेवढा वेळ नवले यष्ट्यांमागे वाकत-उठत होते. 79 वर खेळणाऱ्या जार्डिनचा झेलही सी. कें.च्या गोलंदाजीवर त्यांनीच घेतला. आणि डाव संपल्यावर विश्रांती? छे! पॅड बदलले आणि नवमल जाउमल यांच्याबरोबर सलामीला उतरले. भारताचा कसोटीतला पहिला चेंडू खेळणारा माणूस असा दिवसभर राबून आलेला होता.

खेळ थांबला तेव्हा भारत बिनबाद 30. मधला रविवार सुट्टीचा, म्हणजे दोन रात्री नवले नाबाद! सोमवारी 39 वर बोजने त्यांचा त्रिफळा उडवला. धावफलकावर त्यांच्या नावापुढे फक्त 12 दिसतात. दुसऱ्या डावात 13. सामना आपण 158 धावांनी हरलो. मला विचाराल तर शनिवारची ती संध्याकाळ 12 धावांपेक्षा मोठी होती.

पुढची कसोटी डिसेंबर 1933 मध्ये मुंबईला, भारतात झालेली पहिलीच. नवले 13 आणि 4. लोकांच्या लक्षात राहिलं ते लाला अमरनाथांचं शतक, आणि ते योग्यच. त्यानंतर कलकत्त्याला दिलावर हुसेन यष्टिरक्षक म्हणून आले आणि दोन्ही डावांत अर्धशतकं करून बसले. मग नवल्यांना कोण बोलावणार? दोन कसोट्या, 42 धावा, खातं बंद.

उत्तरायुष्यात त्यांनी साखर कारखान्यावर पहारेकऱ्याची नोकरी केली, असं क्रिकेटचा इतिहास लिहिणाऱ्यांनी नोंदवून ठेवलंय. 1979 मध्ये पुण्यात ते गेले. कारखान्याच्या फाटकातून आत जाणाऱ्या किती जणांना ठाऊक असेल, की आपल्याला हटकणारा हा माणूस लॉर्ड्सवर भारताची सुरुवात करून आलाय?

पुढच्या गणपतीत हाच प्रश्न पुन्हा विचारणार आहे. आता पेपर फुटलाय, तेव्हा सबब चालणार नाही.