घरचे मैदान कोणाचे?

१९९५ साली आफ्रिकेच्या क्लब फुटबॉलची अंतिम फेरी दोन सामन्यांची झाली. दक्षिण आफ्रिकेच्या ऑर्लँडो पायरेट्सने घरी २-२ अशी बरोबरी केली, तेव्हा आशा मावळली होती. पण आबिदजानला जाऊन त्यांनी असेक मिमोसासला १-० ने हरवले. गोऱ्या सत्तेने काळ्या मजुरांसाठी शहराबाहेर वसवलेल्या ऑर्लँडो वस्तीत १९३७ साली जन्मलेला हा क्लब! वस्तीचे नाव घेऊनच तो खंडाचा विजेता झाला.

दोन्ही बाजूंना एकेकदा घरचे मैदान मिळावे, हा या पद्धतीतला न्याय आहे. पण ज्यांना मैदानच नाही, त्यांचे काय?

१९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी मुळशीच्या वेशीवर, म्हाळुंगे-बालेवाडीत, सरकारी संकुल उभे राहिले. २०१८ साली तिथे एफसी पुणे सिटीने उपांत्य फेरीत बंगळुरूला ०-० असे रोखले. बंगळुरूत मात्र ३-१ ने हार पत्करली. २०१९ मध्ये क्लबच बंद झाला. भांडवलावर उभा राहिलेला क्लब भांडवलाबरोबर गेला; वस्तीत रुजलेला टिकला.

संकुल मात्र जागेवर आहे आणि ते जनतेच्या पैशाचे आहे. मुळशीच्या वाड्या-वस्त्यांतील मुलामुलींसाठी तिथे आठवड्यातले ठरावीक दिवस विनाशुल्क राखून ठेवावेत, अशी आमची मागणी आहे. आम्ही मेहरबानी मागत नाही. संविधानाने दिलेली समान संधी मागतो आहोत.