बिशपचा आवाज आणि परिच्छेद ३

‘धर्मगुरूने चर्चमध्ये बोलावे, नभोवाणीवर आणि दूरचित्रवाणीवर त्याचे काय काम?’ असा प्रश्न ठाण्या-डोंबिवलीतील सुशिक्षित गृहस्थ मोठ्या गांभीर्याने विचारतात. हेच गृहस्थ प्रातःकाळी ‘आस्था’ वाहिनीपुढे हात जोडून बसतात, ही गोष्ट निराळी! ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता होय, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली दिला. सार्वजनिक पाणवठ्यावर कोणी यावे आणि कोणी येऊ नये, हे सांगण्याचा मक्ता या मंडळींना कोणी दिला? बाबासाहेबांनीही ३ ऑक्टोबर १९५४ रोजी आकाशवाणीवरूनच, स्वातंत्र्य, समता व बंधुत्व ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीकडून नव्हे तर बुद्धाकडून घेतली, हे देशास सांगितले.

बिशपचा बोलण्याचा हक्क आम्हांस मान्य आहे. आमचा वाद तो काय बोलतो याविषयी आहे.

कल्याणच्या नावाने १९८८ पासून सायरो-मलबार धर्मप्रांत आहे. वसईला १९९८ पासून स्वतंत्र बिशप आहे. नाताळ आला की पडद्यावर बिशपमहाशयांची प्रसन्न छबी झळकते, शांतीचा संदेश मिळतो आणि जाहिरात सुरू होते. १९५० च्या अनुसूचित जाती आदेशातील परिच्छेद ३ विषयी मात्र चकार शब्द नाही. त्या परिच्छेदाने प्रथम प्रामुख्याने हिंदूंस मान्यता दिली. १९५६ साली शीख आणि १९९० साली बौद्ध आत आले. दलित ख्रिस्ती व मुसलमान आजही दाराबाहेर आहेत. मद्रासच्या रस्त्याकडेला जोडे शिवणाऱ्या सुसईस सरकारी टपरी नाकारण्यात आली, ती तो ख्रिस्ती होता म्हणून. धर्मांतरानंतरही त्याच्या जातीची दैना तितक्याच तीव्रतेने टिकून आहे याचा पुरेसा पुरावा नाही, असे १९८५ साली न्यायालयाने म्हटले. जोडे शिवण्याचा धंदा तोच, बसण्याची जागाही तीच. याहून पुरावा तो कोणता? २००७ साली रंगनाथ मिश्र आयोगाने हा परिच्छेद काढून टाकण्याची शिफारस केली. ती तशीच पडून राहिली.

ऑस्लोचे लुथरन बिशप बेर्गग्राव यांचे चरित्र येथे पाहण्यासारखे आहे. १९४० च्या एप्रिलमध्ये त्यांनी नभोवाणीवरून, नागरिकांनी लढाईत पडू नये असे आवाहन केले आणि टीका ओढवून घेतली. १९४२ साली मात्र नाझीधार्जिण्या राजवटीविरुद्ध बिशपांनी सरकारी पदे सोडली. तेव्हा नभोवाणी शत्रूच्या हाती होती, लोकांचे रेडिओ जप्त झाले होते. जाहीरनामा चर्चच्या व्यासपीठांवरून वाचला गेला. बेर्गग्राव स्थानबद्ध झाले. पहिल्या भाषणास ध्वनिक्षेपक होता, दुसऱ्यास किंमत मोजावी लागली.

आपल्याकडेही वसईचे फादर दिब्रिटो, विरोध झाला तरी, २०२० च्या उस्मानाबाद साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद सोडून घरी बसले नाहीत. ते तर बिशपही नव्हते.

आम्हां बौद्धांस केंद्राच्या सवलती मिळावयास १९५६ नंतर ३४ वर्षे लागली. म्हणून परिच्छेद ३ विरुद्ध बोलणे हे आमचेही काम आहे, आणि ते आम्ही करू. पण बिशपमहाशयांनी येत्या नाताळच्या संदेशातील एक मिनिट सुसईच्या खटल्यास द्यावे.