'इंधन संपतंय' म्हणाले, पण 'इमर्जन्सी' म्हणाले नाहीत. ७३ जणांचा जीव का गेला?

२५ जानेवारी १९९०. कोलंबियाच्या एव्हियांका कंपनीचं विमान खराब हवामानामुळे न्यूयॉर्कला उतरण्याआधी तासाहून अधिक काळ घिरट्या घालत होतं. उतरण्याचा पहिला प्रयत्न फसला. 'इमर्जन्सी आहे असं सांग,' असं कॅप्टननं सहवैमानिकाला बजावलं. सहवैमानिकानं कंट्रोलरला कळवलं ते एवढंच: पुन्हा प्रयत्न करतो, इंधन संपतंय. थोड्याच वेळात विमान कोसळलं. १५८ पैकी ७३ जण मरण पावले.

इंधनाचं चुकलेलं नियोजन आणि इमर्जन्सी न कळवणं, ही कारणं तपासात पुढे आली. पण तो शब्द का उच्चारला गेला नाही?

सहवैमानिकही वाचला नाही, त्यामुळे खात्रीनं सांगता येत नाही. एक शक्यता संस्कृतीची. अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ एडवर्ड हॉल यांनी १९७६ मध्ये मांडलं की, काही संस्कृतींत अर्थ थेट शब्दांत असतो, तर काहींत प्रसंगात आणि नात्यात. तिथे सूचक बोलणं हाच सभ्यपणा.

आपलं 'बघतो' आठवा. त्यातला नकार मराठी माणसाला लगेच कळतो. परदेशातला क्लायंट मात्र उत्तराची वाट पाहत बसतो.

यावर उपाय काय? विमान वाहतूक क्षेत्रानं शब्दच ठरवून दिले. 'मिनिमम फ्युएल' आणि 'मेडे फ्युएल' यांचे अर्थ आता जगभर ठरलेले आहेत. अंदाज बांधावा लागत नाही.

ऑफिसच्या ग्रुपवर 'बघतो'ऐवजी 'शुक्रवारपर्यंत होणार नाही' असं लिहिणं थोडं उद्धट वाटेल. पण समोरचा ताटकळणार नाही.