शब्द डिक्सनचे, नावं चौघांची

लेड झेपेलिनवर बोट ठेवलं की चाहत्यांचं ठरलेलं उत्तर येतं : ब्लूज ही लोकपरंपरा, तिथे सगळेच एकमेकांचं उचलतात. ऐकायला छान आहे. पण विली डिक्सन ही लोकपरंपरा नव्हती. शिकागोत चेस रेकॉर्ड्ससाठी गाणी लिहिणारा, बास वाजवणारा तो एक जिताजागता माणूस होता. त्याचं ‘यू नीड लव्ह’ मडी वॉटर्सने 1962 साली गायलं. 1969मध्ये झेपेलिनचं ‘होल लॉटा लव्ह’ आलं. बरेचसे शब्द डिक्सनचे, रेकॉर्डवर नावं मात्र बँडच्या चौघांची.

नकळत झालं म्हणावं, तर त्याच वर्षीच्या पहिल्या अल्बमवर ‘यू शूक मी’ आणि ‘आय कान्ट क्विट यू बेबी’ या दोन्ही गाण्यांखाली डिक्सनचं नाव आहे. म्हणजे माणूसही ठाऊक होता आणि नाव द्यायची रीतही.

समजा, तेव्हा कुणी लेनन-मॅकार्टनीचे शब्द उचलून स्वतःच्या नावावर खपवले असते, तर त्याला ‘परंपरा’ म्हणून सोडलं असतं? सात वर्षांपूर्वीचं गाणंसुद्धा लोकगीत ठरतं, ते फक्त काळ्या माणसाने लिहिलेलं असेल तर.

आणि नाव म्हणजे नुसता मान नाही. गाण्याखाली ज्याचं नाव, त्याच्या घरी रॉयल्टी. डिक्सन 1985मध्ये कोर्टात गेला, तेव्हा तो सत्तरीला टेकला होता. 1987मध्ये तडजोड झाली, मग त्याचं नाव लागलं. ‘द लेमन साँग’मध्ये हाउलिन वुल्फचं ‘किलिंग फ्लोअर’ सरळसरळ ऐकू येतं. तिथेही दावा झाल्यावरच जाग आली. ‘डेझ्ड अँड कन्फ्यूज्ड’साठी जेक होम्सला चाळीसहून जास्त वर्षं लागली. (‘स्टेअरवे टू हेवन’चा खटला बँड जिंकला. ते गाणं या यादीत ओढू नका.)

जिमी पेजचा तो रिफ, जॉन बॉनमचे ते ड्रम्स, रॉबर्ट प्लँटचा टिपेचा आवाज, जॉन पॉल जोन्सचा बास : हे सगळं त्यांचंच, आणि अफाट आहे. 1968मध्ये एकत्र आलेल्या या चौघांनी रॉकचा आवाजच जड केला. म्हणूनच चीड येते. एवढं स्वतःचं असलेल्यांना आणखी एक नाव लिहायला जागा नव्हती?

आज फोनवर ‘होल लॉटा लव्ह’ लावलंत तर क्रेडिट्स उघडून बघा. चौघांबरोबर डिक्सनही दिसेल. ते नाव तिथे बँडने आपणहून लिहिलेलं नाही.